भागीदारी फर्मकडची उधारी: समरी दाव्यात हुकूमनामा मिळेल, पण पैसे कोणाकडून घेणार?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मी नेमकं कशाचं उत्तर देतोय हे स्पष्ट राहील. तुम्ही आणि तुमचे बंधू मिळून पॅकिंगचे पुठ्ठ्याचे खोके बनवता. तीन भागीदारांच्या एका फर्मला दोन वर्षं माल दिलात. त्यातली १४ बिलं थकली, मुद्दल १८ लाख ६० हजार. ऑर्डरी फर्मच्या लेटरहेडवर आहेत, पण सगळ्यांवर एकाच भागीदाराची सही. त्यानेच फर्मच्या खात्यावरचा ४ लाखांचा चेक दिला, तो परत आला, त्यालाही आता आठ महिने झाले. दुसरा भागीदार म्हणतो, "मी मागच्या वर्षीच निवृत्त झालो." तिसरा फोन उचलत नाही. कुणीतरी तुम्हाला सांगितलं की समरी सूट (थोडक्यात निकाली निघणारा दिवाणी दावा) टाका, सहा महिन्यांत पैसे हातात. तर समरी बसेल का, आणि दावा फर्मवर करायचा की भागीदारांवर, असे तुमचे दोन प्रश्न.

पहिल्याचं उत्तर: बहुधा बसेल. पण खरी मेख दुसऱ्या प्रश्नात आहे, आणि तो तुम्ही शेवटी जाता जाता विचारलाय. माझ्याकडे अशी प्रकरणं येतात तेव्हा मी उलटीकडून सुरुवात करतो. उद्या हुकूमनामा, म्हणजे पैसे द्या असा न्यायालयाचा निकाल, हातात आला असं धरायचं, दरखास्त, म्हणजे त्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, कोणाच्या कोणत्या मालमत्तेवर लावणार ते ठरवायचं आणि मग वादपत्र (दाव्याचा मूळ अर्ज) लिहायला घ्यायचं.

त्याआधी एक गोष्ट, जी तुम्ही विचारलेलीच नाही. "आम्ही दोघे भाऊ मिळून" म्हणजे काय? धंदा एकाच्या नावाने प्रोप्रायटरी असेल तर प्रश्न नाही. पण तुमचीही भागीदारी असेल आणि ती नोंदलेली नसेल, तर भागीदारी अधिनियम १९३२ चं कलम ६९ आडवं येतं. नोंदणी नसलेल्या फर्मला करारातून आलेल्या हक्कासाठी बाहेरच्या माणसावर दावा करता येत नाही. दावा दाखल होण्याच्या दिवशी फर्म नोंदलेली हवी आणि दावा करणाऱ्यांची नावं निबंधकाच्या नोंदवहीत भागीदार म्हणून असायला हवीत. दावा टाकून मग नोंदणी केली तर तो दोष भरून निघत नाही; दावा मागे घेऊन नव्याने करावा लागतो आणि तोवर दावा करण्याची कायद्यातली मुदत संपली तर गेलं. गंमत अशी की समोरची फर्म बिननोंदणीची असली तरी तुम्हाला तिच्यावर दावा करायला काही अडत नाही. ही अडवणूक फक्त मागणाऱ्याची होते. त्यामुळे नोंदणी नसेल तर बाकी सगळं बाजूला ठेवून आधी ते काम उरका.

आता समरीबद्दल. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ३७ हा ठरावीक प्रकारच्या दाव्यांसाठी आहे: हुंडी, वचनचिठ्ठी, चेक यांवर आधारलेले दावे, किंवा लेखी करारातून निघणारी ठरलेली रक्कम, किंवा तशा रकमेची लेखी हमी. नेहमीच्या दाव्यात प्रतिवादी आपोआप लेखी कैफियत (बचावाचं उत्तर) देतो आणि मग वर्षानुवर्षं पुरावा चालतो. इथे त्याला बचाव करण्याचा हक्क आपोआप मिळत नाही, तो मागावा लागतो. समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत त्याने हजेरी नोंदवायची. नोंदवली नाही तर वादपत्रातली विधानं त्याला मान्य आहेत असं धरून हुकूमनामा होऊ शकतो. नोंदवली तर तुम्ही प्रतिज्ञापत्रासह जजमेंटसाठीचं समन्स बजावायचं, आणि त्यानंतरच्या १० दिवसांत त्याने बचावाची परवानगी मागायची. वकिलांच्या भाषेत 'लीव्ह'.

हे दहा-दहा दिवस वाचून लोक सहा महिन्यांचा हिशेब मांडतात. प्रत्यक्षात वेळ जातो तो समन्स बजावण्यात, विलंब माफीच्या अर्जांत आणि लीव्हच्या अर्जावरच्या सुनावणीत. किती, ते तुमच्या न्यायालयातल्या गर्दीवर आणि समोरचा माणूस किती चुकवेगिरी करतो त्यावर. मी कोणालाच महिने सांगत नाही.

तुमची कागदपत्रं या चौकटीत बसतात का? चेक सरळ बसतो. बिलांचं थोडं नाजूक आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २००७ मध्ये या मुद्द्याचा विचार केला. त्याचा रोख असा की बिलाला लेखी करार मानता येतं, पण ते त्या त्या प्रकरणातल्या वस्तुस्थितीवर अवलंबून. आणि नुसती खात्यावरची बाकी कबूल केली म्हणून त्या कबुलीवर समरी दावा उभा राहत नाही. म्हणून दाव्याचा पाया 'खातेउताऱ्यानुसार येणे बाकी' असा ठेवू नका. ऑर्डर, तिच्यावरची सही, त्या ऑर्डरचं बिल, माल पोचल्याची सही-शिक्क्याची पोच, ई-वे बिल, अशी प्रत्येक बिलाची साखळी लावा. १४ पैकी ज्यांची साखळी तुटते, समजा दोन-तीन बिलांची पोचच नाही, त्यांचा वेगळा विचार करा. एका लंगड्या बिलामुळे सगळ्या दाव्याला लीव्ह मिळालेली मी पाहिली आहे. चेकची रक्कम त्याच बिलांपोटी असेल तर ती दोनदा मागितली जात नाही ना, हेही तपासा. समोरच्याचा वकील सर्वांत आधी तेच शोधतो.

व्याजाचा मोह आवरा. बिलाच्या तळाशी '२४ टक्के व्याज आकारले जाईल' असं छापलेलं असतं, पण ऑर्डरमध्ये त्याचा उल्लेख नसतो. मग व्याज ठरलं होतं का, यावरच वाद सुरू होतो. 'गोडाऊन भाडं', 'मनस्ताप', 'गेलेला नफा' यांतलं काहीही वादपत्रात घालू नका. आदेश ३७ च्या बाहेरची कोणतीही मागणी नाही असं वादपत्रात स्पष्ट लिहावं लागतं, आणि दाव्याच्या क्रमांकाखाली 'दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ खाली' हा मजकूरही हवा. गोष्ट बारीक आहे, पण तेवढ्यावरून समरी दाव्याचा साधा दावा झालेला आहे.

बिलाची मागची बाजूही वाचा. तिथे किंवा ऑर्डरच्या अटींत लवादाचं कलम असेल, तर समोरचा पहिल्याच फेरीत प्रकरण लवादाकडे पाठवा म्हणून अर्ज करेल आणि तो बहुतेक मंजूर होईल. तसं कलम असेल तर हे पुढचं सगळं विसरून लवादाची नोटीस द्या.

तुमचा व्यवहार मालविक्रीचा आणि रक्कम ३ लाखांच्या वर, म्हणजे व्यापारी न्यायालय अधिनियम २०१५ लागू. दावा समरीच राहील, पण जाईल व्यापारी न्यायालयात, आणि त्याआधी कलम १२अ प्रमाणे मध्यस्थीचा टप्पा. तातडीचा अंतरिम आदेश मागायचा नसेल तर हा टप्पा सक्तीचा आहे. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२२ मध्ये पाटील ऑटोमेशनच्या निकालात हे पक्कं केलं. मध्यस्थी टाळून आणलेलं वादपत्र फेटाळलं जातं. अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे करायचा. समोरचा आलाच नाही तर तसा अहवाल मिळतो आणि तुमचा रस्ता मोकळा. या टप्प्यातला काळ मुदतीत धरला जात नाही. बरेच अशील याकडे फुकटचा उशीर म्हणून पाहतात. माझं मत वेगळं आहे. तीन भागीदारांमध्ये आपापसात बिनसलेलं असेल, आणि तुमच्या वर्णनावरून तसं दिसतंय, तर या टेबलावर त्यांच्यातला एखादा स्वतःचा वाटा भरून सुटायला तयार होतो. तिथे झालेल्या तडजोडीला लवादाच्या निवाड्याइतकी ताकद असते, म्हणजे हप्ता चुकला तर थेट दरखास्त.

आता मुख्य मुद्दा. फर्म म्हणजे कंपनी नव्हे. कायद्याच्या नजरेत ती भागीदारांहून वेगळी व्यक्ती नाही, भागीदारांच्या समूहाला दिलेलं ते नाव आहे. भागीदारी अधिनियमाचं कलम २५ सांगतं की एखादा माणूस भागीदार असताना फर्मने जे जे केलं त्याबद्दल तो इतरांसोबत आणि एकटाही जबाबदार असतो. म्हणजे सही एकाचीच असली तरी बिघडत नाही. धंद्याच्या नेहमीच्या कामासाठी फर्मच्या नावाने दिलेली ऑर्डर तिघांना बांधते, आणि १८ लाख ६० हजार तिघांपैकी कोणा एकाकडूनही घेता येतात. त्यांचं आपसातलं प्रमाण ४०-३०-३० असो की आणखी काही, ते त्यांनी नंतर बघावं. (नावात 'एलएलपी' आहे का, ते मात्र आधी पाहा. तसं असेल तर ती स्वतंत्र व्यक्ती आहे, भागीदारांची खासगी मालमत्ता सहसा हाताला लागत नाही, आणि हा सगळा भाग तुम्हाला लागू नाही.)

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३० प्रमाणे नुसत्या फर्मच्या नावावर दावा करता येतो. सोपं वाटतं, म्हणून पुष्कळ जण तसंच करतात. समन्स फर्मच्या पत्त्यावर जातं, तिथला मॅनेजर घेतो, कोणी हजर होत नाही, हुकूमनामा होतो. मग दरखास्त लावायला जावं तर फर्मच्या नावावर भाड्याचा गाळा, जुनं फर्निचर आणि रिकामं चालू खातं. फ्लॅट आणि गाडी भागीदारांच्या नावावर. तेव्हा त्याच संहितेचा आदेश २१ नियम ५० समोर येतो. फर्मविरुद्धचा हुकूमनामा फर्मच्या मालमत्तेवर चालतोच. भागीदाराच्या खासगी मालमत्तेवर तो थेट चालवायचा, तर तो माणूस दाव्यात भागीदार म्हणून हजर झालेला हवा, किंवा त्याने भागीदारी कबूल केलेली हवी वा ती न्यायालयाने ठरवलेली हवी, किंवा त्याला व्यक्तिशः भागीदार म्हणून समन्स बजावलेलं हवं. यातलं काहीच नसेल तर न्यायालयाची वेगळी परवानगी मागावी लागते, आणि तो 'मी भागीदार नाही' म्हणाला की त्यावर नवा वाद, नवा पुरावा. समरीत वाचवलेला वेळ तिथे सव्याज परत जातो.

म्हणून मी फर्मला प्रतिवादी क्रमांक १ आणि तिन्ही भागीदारांना स्वतंत्र नावाने क्रमांक २ ते ४ करतो. प्रत्येकाचं समन्स त्याच्या घरच्या पत्त्यावर, आणि सोबत ते त्याला भागीदार या नात्याने बजावलं जातंय अशी लेखी सूचना. तिसरा भागीदार दार उघडत नसेल तर बजावणीचे पर्यायी मार्ग न्यायालयाकडून मागून घ्या, पण त्याला सोडून पुढे जाऊ नका. तुमच्या वर्णनावरून मला तर वाटतं की मालमत्ता असलीच तर त्याच्याकडे असेल.

भागीदार नक्की कोण, हे ऐकीव माहितीवर ठेवू नका. समोरची फर्म नोंदलेली असेल तर भागीदारी संस्थांच्या निबंधकाकडून नोंदवहीतल्या उताऱ्याची प्रमाणित नक्कल काढा. कोण केव्हा आला, केव्हा गेला, हे त्यात दिसतं. नोंदणी नसेल तर बँकेची कागदपत्रं, जीएसटी नोंदणीतली नावं, जुना पत्रव्यवहार जमवा. दावा फर्मच्या नावाने असला की येणं उद्भवलं त्या वेळी कोण कोण भागीदार होते याची नावं-पत्ते न्यायालयामार्फत मागण्याचा हक्कही आदेश ३० देतो.

निवृत्त झालेल्याचं काय? इथे बिलांच्या तारखा बोलतात. तो भागीदार असताना झालेल्या व्यवहारांची जबाबदारी निवृत्तीने पुसली जात नाही. तो, तुम्ही आणि उरलेले भागीदार यांच्यात तसा करार झाला, किंवा निवृत्तीची माहिती झाल्यावर तुम्ही बदललेल्या फर्मशी जसे वागलात त्यातून तसा करार निघतो, तरच तो सुटतो. दोन भागीदारांनी त्याला 'सगळी देणी आमची' असं लिहून दिलं असेल तर ते त्यांच्यापुरतं. निवृत्तीनंतरच्या बिलांसाठी भागीदारी अधिनियमाचं कलम ३२ पाहायचं. त्याने जाहीर नोटीस दिली नसेल, म्हणजे राजपत्रात, स्थानिक भाषेतल्या वर्तमानपत्रात आणि नोंदलेल्या फर्मच्या बाबतीत निबंधकाकडे, तर तो त्या बिलांनाही जबाबदार राहू शकतो. अपवाद एकच: तो भागीदार आहे हे तुम्हाला माहीतच नसताना तुम्ही व्यवहार केला असेल, तर नंतरच्या बिलांपुरता तो सुटतो. तेव्हा १४ बिलांची यादी करून तिच्यावर निवृत्तीच्या तारखेची रेघ मारा. रेघेच्या वरच्या बिलांसाठी तो पक्का. खालच्यांसाठी तो लीव्ह मिळवेल असं गृहीत धरा. त्यामुळे इतर दोघांविरुद्धचा हुकूमनामा अडायचं कारण नाही.

समोरचे बचाव काय घेतील? 'माल निकृष्ट होता' हे ठरलेलं. दोन वर्षांत एकही तक्रार नाही, आणि प्रतिज्ञापत्रात अचानक ओले खोके, कमी वजनाचा पुठ्ठा. यावर माझं आवडतं उत्तर जीएसटीतलं आहे. त्यांनी तुमच्या बिलांवर इनपुट क्रेडिट (खरेदीवर भरलेल्या कराची वजावट) घेतलं का? घेतलं असेल तर माल मिळाला हे त्यांनी सरकारला सांगितलेलं आहे, आणि डेबिट नोट किंवा मालपरतीची नोंद नसेल तर तक्रारीचा डोलारा कोसळतो. शिवाय १८० दिवसांत पुरवठादाराला पैसे दिले नाहीत तर घेतलेलं क्रेडिट व्याजासह परत करावं लागतं. म्हणजे त्यांच्यापुढे पेच आहे. व्हॉट्सॲपवर 'पुढच्या आठवड्यात करतो' असे निरोप असतील तर ते जपा, फोन बदलू नका. ते दाखल करताना भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ च्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागेल.

लीव्ह देताना न्यायालय काय पाहतं, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१६ च्या हबटाउन निकालात मांडलंय. बचाव भक्कम असेल, किंवा निदान खरोखर तपासण्यासारखा असेल, तर बिनशर्त परवानगी. त्याच्या प्रामाणिकपणाबद्दल शंका असेल तर अट. बचाव शक्य पण पटण्यासारखा नसेल तर सगळी रक्कम व्याजासह भरण्याचीही अट. काहीच दम नसेल तर परवानगी नाही, तिथेच हुकूमनामा. आणि देण्यातला काही भाग त्यांनी कबूल केला तर तेवढी रक्कम भरल्याशिवाय परवानगी नाही. अशील अटीची लीव्ह मिळाली की खट्टू होतात. मला उलट ती चालते. ९-१० लाख न्यायालयात जमा झाले की समोरचे बोलायला येतात, आणि ते भरले नाहीत तर हुकूमनामा आहेच.

फ्लॅट बायकोच्या किंवा मुलाच्या नावे होतोय अशी कुणकुण असेल तर निकालापूर्वीच्या जप्तीसाठी आदेश ३८ नियम ५ खाली अर्ज करता येतो. पण 'ते पैसे बुडवतील अशी भीती वाटते' एवढ्यावर न्यायालय जप्ती देत नाही. विक्रीची जाहिरात, नोंदणी कार्यालयातला सूची दोनचा (नोंदलेल्या व्यवहारांच्या यादीचा) उतारा, एजंटचा निरोप, असं काहीतरी ठोस हवं. आणि केवळ मध्यस्थी चुकवण्यासाठी असा अर्ज जोडलात तर न्यायालय ते ओळखतं.

चेकच्या फौजदारी तक्रारीबद्दल: बँकेचा मेमो आल्यापासून ३० दिवसांत नोटीस दिली होती का? नसेल तर निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स अधिनियमाच्या कलम १३८ चा (चेक न वटल्याच्या गुन्ह्याचा) रस्ता त्या चेकपुरता बंद. दिवाणी दाव्यात तो चेक कामाचा आहेच. तुमची उद्यम नोंदणी (सूक्ष्म-लघु उद्योग म्हणून सरकारकडची नोंद) माल देण्याआधीची असेल, तर सूक्ष्म-लघु उद्योगांसाठीच्या सुविधा परिषदेचाही पर्याय आहे. तिथे व्याजाचा दर रिझर्व्ह बँकेच्या 'बँक दरा'च्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ, आणि तो तुमच्या करारावर अवलंबून नाही. तुमच्यासारख्या प्रकरणात हा मार्ग समरीपेक्षा फायद्याचा ठरू शकतो, म्हणून नोंदणीची तारीख मला आधी सांगा.

शेवटी मुदत, कारण ती कोणाची वाट पाहत नाही. तीन वर्षं प्रत्येक बिलाची वेगवेगळी मोजली जातात: उधारीचे दिवस ठरले असतील तर ते संपल्यापासून, नसतील तर माल दिल्यापासून. शेवटच्या बिलापासून सगळ्यांची एकत्र मोजता येतील, या समजुतीवर राहू नका. मुदत संपण्याआधी लेखी, सही केलेली कबुली मिळाली तर तीन वर्षं नव्याने सुरू होतात. पण एका भागीदाराने स्वतःपुरती दिलेली कबुली एवढ्याच कारणाने इतरांना बांधत नाही. ती फर्मच्या वतीने, फर्मच्या शिक्क्यासह, आणि फर्म चालू असताना घ्या. तुमच्या यादीतलं सर्वांत जुनं बिल कोणत्या तारखेचं आहे, ते तुम्ही लिहिलेलं नाही. त्याला अडीच वर्षं होऊन गेली असतील तर कबुलीच्या मागे न लागता या आठवड्यातच मध्यस्थीचा अर्ज टाका.